बैठकीतली नटी

बेगम अख्तर म्हटलं की मराठी रसिकाच्या मनात एक चित्र ठरलेलं असतं. गालिच्यावर मांडी घालून बसलेली बाई, पुढ्यात हार्मोनियम, नाकात चमकी, आणि वर जाता जाता मध्येच चिरकणारा तो आवाज. चित्र खरं आहे, पण ते आयुष्याच्या उत्तरार्धातलं आहे. त्याआधी अख्तरीबाई फैजाबादी नावाची एक तरुण नटी होती. ती कोलकात्याच्या रंगमंचावर उभी राहिली, 1933 ते 1942 या काळात सातएक बोलपटांत दिसली आणि मग त्या जगातून उठून गेली. पुढची पानं या नटीबद्दल आहेत.

गायिकेच्या चरित्रात नटीला सहसा अर्धं पान मिळतं. ‘काही काळ चित्रपटांतही कामं केली’ असं एक वाक्य, दोन-तीन नावं, की चरित्रकार पुन्हा ठुमरीकडे वळतो. जणू तो पोटापाण्यासाठी केलेला उद्योग होता आणि खऱ्या कलेशी त्याचा काही संबंध नव्हता. या पुस्तकाच्या लेखिकेने ते अर्धं पान उघडून त्याचा ग्रंथ केला आहे. माझ्या मते हे काम फार आधी व्हायला हवं होतं, आणि ते मराठीत व्हावं यालाही कारण आहे. गाणारा नट आणि अभिनय करणारा गायक यांची आपल्याइतकी सवय देशात फार थोड्या प्रांतांना असेल.

ही प्रस्तावना मी लखनौच्या हजरतगंजात बसून लिहितो आहे. म्हणून आधी थोडा भूगोल, कारण या आयुष्यात भूगोलाने बरंच काही ठरवलं. नवाब नसीरुद्दीन हैदरने 1827 साली इथे बाजार वसवला. पुढे 1842मध्ये गादीवर आलेल्या अमजद अली शाहला लोक ‘हजरत’ म्हणत, त्यावरून हे नाव पडलं. त्याची कबरही इथल्याच सिब्तैनाबाद इमामबाड्यात आहे. 1857नंतर इंग्रजांनी हा भाग आपल्या सोयीने पुन्हा बांधला. रुंद रस्ता, सारख्या कमानींची दुकानं, संध्याकाळी बग्गीतून मिरवणारे साहेब. नंतर मेफेअर, प्रिन्स, बसंत ही सिनेमागृहं आली, कॉफी हाऊस आलं, पुस्तकांची दुकानं आली. काही न घेता नुसतं फिरायला यायची इथल्या लोकांची सवय अजून मोडलेली नाही.

दुसरं लखनौ म्हणजे चौक. गोल दरवाजा, अत्तराची दुकानं, चिकनचे कारागीर, आणि एके काळी वरच्या मजल्यांवर तवायफांचे कोठे. पुणेकराने बुधवार पेठ आणि कॅम्प डोळ्यांसमोर आणावेत, म्हणजे काही मैलांच्या वाटेत किती समाज बदलतो ते कळेल. चौकातलं गाणं ऐकायला हजरतगंजातले वकील, अंमलदार, तालुकदार जात. चौकातली बाई मात्र गंजातल्या बंगल्यात गृहिणी म्हणून येत नसे. अख्तरीबाई आल्या. कशा आल्या, त्यासाठी काय टाकून आल्या आणि काय लपवून बरोबर आणलं, हाच या पुस्तकाचा खरा विषय आहे, असं मी म्हणेन. लेखिका कदाचित इतकं थेट म्हणणार नाही.

जन्म 7 ऑक्टोबर 1914चा, फैजाबादचा. आई मुश्तरीबाई. वडील असगर हुसेन लखनौचे वकील, आणि त्यांनी या संसाराची जबाबदारी घेतली नाही. जुळी बहीण जोहरा लहानपणीच गेली. या बालपणाभोवती कथा पुष्कळ रचल्या गेल्या आहेत आणि त्या सांगणाऱ्यांना रडू आवरत नाही. लेखिकेने त्या आवरत्या घेतल्या, हे बरं केलं. मला त्यातली एकच गोष्ट महत्त्वाची वाटते: सातएक वर्षांच्या अख्तरीला गाण्याचं वेड लावलं ते कुण्या खाँसाहेबांनी नव्हे. गावात आलेल्या एका फिरत्या नाटक कंपनीतल्या चंद्राबाईचं गाणं तिने ऐकलं आणि ती खुळावली. रीतसर तालीम नंतर आली. पाटण्याचे सारंगिये इमदाद खाँ, पतियाळाचे अता मोहम्मद खाँ आणि मग इतर उस्ताद. पहिली ओढ मात्र रंगमंचावर उभं राहून गाणाऱ्या बाईची होती, आणि चरित्रकार हा क्रम सहज विसरतात.

ती नाटक कंपनी ज्या परंपरेतली होती तिचा प्रवास मराठी वाचकाला मुद्दाम सांगायला हवा, कारण त्यातला एक मोठा टप्पा आपल्या गिरगावाजवळ आहे. हजरतगंजाला लागून कैसरबाग आहे. तिथे वाजिद अली शाहच्या दरबारात रहस, म्हणजे नाचगाण्याचे नाट्यप्रयोग, होत. राधा-कन्हैयाच्या कथेवर खुद्द नवाबाने खेळ लिहिला होता. त्याच सुमारास, 1853च्या आसपास, लखनौच्या अमानतने ‘इंदरसभा’ लिहिली. नेमक्या 1853 सालीच विष्णुदास भावे आपली मंडळी घेऊन मुंबईत ग्रँट रोडच्या नाट्यगृहात खेळ करत होते, आणि पारशी नाटक मंडळीनेही त्याच वर्षी रंगमंचावर पाऊल ठेवलं. पुढे पारशी कंपन्यांनी ‘इंदरसभा’ उचलली आणि उर्दूला आपल्या रंगमंचाची मुख्य भाषा केलं. गाणी, पऱ्या, रंगवलेले पडदे आणि यांत्रिक करामती घेऊन त्या देशभर हिंडल्या. मुंबईतून निघालेल्या जमशेटजी मादन या पारशाने कोलकात्यात नाटकांचा आणि मग चित्रपटांचा पसारा उभा केला. वाजिद अली शाह स्वतः 1856मध्ये राज्य गमावून कोलकात्याच्या मटियाबुर्जला जाऊन राहिला होताच. त्याच्याबरोबर गवई, नर्तक, स्वयंपाकी, पतंगवाले असं अर्धं लखनौ तिकडे गेलं. तेव्हा फैजाबादची पोर विशीच्या आत आईबरोबर कोलकात्याला पोचली आणि कोरिंथियन थिएटरच्या रंगमंचावर उभी राहिली, तेव्हा ती परक्या गावात आलेली नव्हती. तिच्याच मुलखातला खेळ मुंबईला वळसा घालून तिच्या आधी तिथे पोचला होता.

कोरिंथियन म्हणजे आगा हश्र काश्मिरींच्या नाटकांचा काळ. संवाद पल्लेदार, यमकांनी भरलेले, टाळी घेण्यासाठीच लिहिलेले. ध्वनिक्षेपक नाही. समोर पंखे, पानाच्या पिचकाऱ्या, पोरांची रडारड, आणि शेवटच्या बाकावर बसलेला प्रेक्षक सगळ्यात अवघड, कारण त्याने सगळ्यात कमी पैसे दिलेले असतात आणि त्याचा आवाज सगळ्यात मोठा असतो. त्याच्यापर्यंत शब्द पोचला नाही तर गाणं कितीही सुरेल असो, ते पडलं. इथे तरुण अख्तरी ज्या गोष्टी शिकली त्या कोणत्याही घराण्याच्या तालमीत मिळत नाहीत: शब्दाचं पहिलं अक्षर कसं फेकायचं, ओळ अर्धी टाकून प्रेक्षकाला कसं थांबवून ठेवायचं, टाळी येण्याआधी किती श्वास घ्यायचा. ‘नई दुल्हन’सारख्या नाटकांनी तिला नाव मिळवून दिलं. पण माझ्या दृष्टीने त्या नावापेक्षा ही शिकवणी मोठी. या पुस्तकातलं कोरिंथियनवरचं प्रकरण मी एका बैठकीत वाचून काढलं, आणि मग तिच्या 1930च्या दशकातल्या मेगाफोनच्या तबकड्या पुन्हा ऐकल्या. त्या कोवळ्या, टोकदार, काहीशा उतावळ्या आवाजातही शेवटच्या बाकाचा धाक स्पष्ट ऐकू येतो.

1934च्या जानेवारीत बिहारमध्ये भूकंप झाला. पीडितांच्या मदतीसाठी कोलकात्यात जो जलसा झाला त्यात अख्तरी गायली आणि सरोजिनी नायडूंनी तिला शाबासकी दिली. हा प्रसंग सगळे सांगतात. सांगताना एवढंच राहून जातं की रंगमंचावर त्या दिवशी आलेली मुलगी नवखी नव्हती. तोवर तिचे दोन बोलपट पडद्यावर आले होते.

बोलपट म्हणजे ईस्ट इंडिया फिल्म कंपनीचे ‘एक दिन का बादशाह’ आणि ‘नल दमयंती’, दोन्ही 1933चे. ‘आलम आरा’ येऊन दोन वर्षं झाली होती. पार्श्वगायनाची सोय 1935पर्यंत नव्हती, त्यामुळे ज्याला गाता येत नाही त्याला नायक-नायिका होता येत नव्हतं, आणि ज्याला गाता येतं त्याला अभिनय येतो की नाही हे कुणी फार विचारत नव्हतं. कॅमेऱ्यासमोर गाताना मायक्रोफोन वर टांगलेला, वादक चौकटीबाहेर दडलेले, मान वळवली तर सूर दूर जायचा. रंगमंचावर हात पसरून, दोन पावलं पुढे येऊन गाणाऱ्या नटीला इथे जागच्या जागी खिळून उभं राहावं लागे. ‘अमीना’, ‘मुमताज बेगम’, ‘जवानी का नशा’, ‘नसीब का चक्कर’ असे आणखी चार चित्रपट 1936पर्यंत आले. श्रेयनामावलीत तिचं नाव दर वेळी वेगळं दिसतं. कुठे अख्तरी, कुठे अख्तरीबाई फैजाबादी. नावाचा हा खेळ पुढे फार गंभीर होणार होता.

इथे हिराबाई बडोदेकरांची आठवण होणं अटळ आहे. वयाने नऊ वर्षांनी मोठ्या. अब्दुल वहीद खाँसाहेबांकडे दोघी शिकल्या, म्हणजे नात्याने गुरुभगिनी. हिराबाईही 1929मध्ये भावंडांसह नाटकात उतरल्या, ‘सौभद्र’ केलं, बाबूराव पेंटरांच्या ‘प्रतिभा’त पडद्यावर आल्या आणि शेवटी मैफलीत स्थिरावल्या. दोघींच्याही पुढ्यात प्रश्न एकच होता: गाणाऱ्या बाईला समाजात ताठ मानेने बसायला जागा कुठे? हिराबाईंनी तिकीट लावलेल्या जाहीर बैठकीतून ती जागा तयार केली. काठपदराचं नेसून, दोन्ही खांद्यांवर पदर घेऊन, हातवारे न करता, शांत चेहऱ्याने त्या गात. म्हणजे मैफलीत येताना त्यांनी अभिनय दाराबाहेर ठेवला. मराठी मध्यमवर्गाने त्यांना जो मान दिला त्यात या संयमाचा मोठा वाटा होता. अख्तरीबाईंनी नेमकं उलट केलं, पण ते इतकं बेमालूम केलं की फारसं कुणाच्या लक्षात आलं नाही. त्याकडे येतोच.

त्याआधी ‘रोटी’. 1942, नॅशनल स्टुडिओज, दिग्दर्शक मेहबूब खान, संगीत अनिल विश्वास. अख्तरीबाई तोवर कोलकाता सोडून लखनौला येऊन राहिल्या होत्या. मेहबूबने त्यांना तिथून मुंबईला आणलं. चित्रपट पैशाच्या लोभावर आहे आणि ऐन महायुद्धात आलेला आहे. एका बाजूला शहर, सोनं, मोटारी. दुसऱ्या बाजूला नाणं न ओळखणारी आदिवासी वस्ती, जिथे शेख मुख्तार आणि सितारादेवी आहेत. शहरी बाजूला चंद्रमोहन आणि अख्तरीबाई. चंद्रमोहन मराठी माणसाच्या परिचयाचा: शांतारामबापूंनी 1934च्या ‘अमृतमंथन’मध्ये ज्याचा डोळा पडदाभर दाखवला तो राजगुरू. (मराठी आवृत्तीत तीच भूमिका केशवराव दात्यांनी केली, आणि दोघांत सरस कोण, हा वाद आमच्या घरी एका पिढीने हौसेने घातला.) असा डोळ्यांनी खाऊन टाकणारा नट समोर असताना अख्तरीबाईंना ‘डार्लिंग’ नावाच्या श्रीमंत शहरी तरुणीचं काम करायचं होतं. पारशी रंगभूमीची नटी इथे आवाज चढवेल अशी अपेक्षा असते. त्या तो चढवत नाहीत. वाक्य शेवटाकडे जरा खाली सोडतात, जणू ऐकणारा जवळच बसला आहे. ऐकणाऱ्याला कानाजवळ ओढून आणायची ही युक्ती पुढे तीस वर्षं देशाला वेड लावणार होती. तिची पहिली खूण मला ‘रोटी’त दिसते, आणि ती गाण्यात नाही, संवादात दिसते.

गाण्यांचं काय झालं ते वाचताना कपाळाला हात लावावासा वाटतो. अख्तरीबाईंच्या सहा गझला या चित्रपटासाठी झाल्या होत्या; निर्मितीतल्या वादापायी तीन-चार कापल्या गेल्या. मेगाफोनच्या तबकड्यांवर त्या सगळ्या मिळतात, पडद्यावर मिळत नाहीत. म्हणजे चित्रपटात नटी उरली आणि गायिका कापली गेली. लोकांच्या आठवणीत मात्र नेमकी नटी कापली गेली आणि गायिका उरली.

यानंतर तीन वर्षांनी, 1945मध्ये, अख्तरीबाईंनी लखनौचे बॅरिस्टर इश्तियाक अहमद अब्बासी यांच्याशी लग्न केलं. काकोरीचं जुनं, मातब्बर घराणं. गाणं बंद, रंगमंच बंद, कॅमेरा तर बंदच बंद. चारएक वर्षं त्या गायल्या नाहीत. त्यांची तब्येत ढासळली. अखेर नवऱ्याच्या संमतीने 1949मध्ये त्यांनी लखनौच्या आकाशवाणीवर तीन गझला आणि एक दादरा गायला, आणि गाऊन झाल्यावर त्या रडल्या. हे केंद्र हजरतगंजाजवळच, विधानसभा मार्गावर आहे. अब्बासींच्या घरातल्या बाईने मैफलीत बसू नये, पण बंद खोलीत, कुणाला न दिसता, यंत्रासमोर गायला हरकत नाही, अशी ही तडजोड होती. तिला आणखी एक पदर होता. सरदार पटेल नभोवाणी खात्याचे मंत्री असताना, ज्यांचं खासगी आयुष्य लोकांत बदनाम आहे अशा कलावंतांना आकाशवाणीने घेऊ नये असा दंडक घातला गेला होता, आणि त्याचा रोख उघडपणे कोठ्यावरच्या बायकांवर होता. अख्तरीबाई फैजाबादीला त्या दारातून जाणं अवघड होतं. बॅरिस्टरांची पत्नी बेगम अख्तर सन्मानाने आत गेली. गळा तोच, उस्ताद तेच, दादराही तोच. नव्या भूमिकेसाठी नटीने नाव तेवढं बदललं होतं.

आणि इथे माझं लेखिकेशी जमत नाही. तिचं पुस्तक 1945ला थांबतं. लग्नाबरोबर नटीचं आयुष्य संपलं, पुढे गायिकेचं सुरू झालं, आणि त्यावर इतरांनी भरपूर लिहिलंच आहे, असा तिचा हिशेब. हिशेब नीटनेटका आहे. मला तो पटत नाही. माझं म्हणणं असं की नटी कुठेही गेली नव्हती. एकेक माध्यम तिच्याकडून काहीतरी काढून घेत गेलं आणि जे उरलं त्यात तिने सगळा अभिनय कोंबला. रंगमंचावर तिच्याकडे सबंध शरीर होतं, चाल होती, हात होते. बोलपटाने तिला जागच्या जागी उभं केलं, चेहरा उरला. बैठकीत ती स्वतः हार्मोनियम वाजवायची, म्हणजे उजवा हात पट्ट्यांवर आणि डावा भात्यावर. हातच बांधलेले. राहिली मान, डोळे, भुवई आणि गळा. आकाशवाणीने तेही काढून घेतलं; तिथे फक्त गळा. आणि तरी आकाशवाणीवर ऐकणाऱ्या माणसाला तिचा चेहरा दिसत असे. तिची गझल नुसती ऐकू येत नाही, दिसतेही, अशा अर्थाचं कैफी आझमी म्हणत असं सांगतात. शायराचं अतिशयोक्त कौतुक म्हणून आपण ते सोडून देतो. मला ते तंत्राचं वर्णन वाटतं.

बसल्या जागी अभिनय करणं लखनौला नवं नव्हतं. इथल्या कथक घराण्यात ठुमरीवर बसून भाव दाखवण्याची मोठी परंपरा. शंभू महाराज एका जागी बसून एकाच ओळीचे कितीतरी अर्थ चेहऱ्याने आणि हाताने मांडत. आपल्याकडे बैठकीच्या लावणीत हेच आहे. वाईच्या यमुनाबाई वाईकर अख्तरीबाईंच्याच पिढीच्या, वयात वर्षभराचं अंतर. लावणीची एक ओळ त्या पुन्हा पुन्हा घेत आणि दर वेळी अदा बदलत. रुसवा, लाडीगोडी, टोमणा, सगळं मांडी न मोडता. पण शंभू महाराजांचे आणि यमुनाबाईंचे हात मोकळे होते. अख्तरीबाईंचे नव्हते. म्हणून त्यांना ती अदा गळ्यात उतरवावी लागली.

कशी, ते एखाद्या शेरावर कान ठेवून पाहावं. पहिला मिसरा, म्हणजे शेराची पहिली ओळ, त्या घेतात तो अगदी सरळ, वाचल्यासारखा. मग तोच पुन्हा, पण एका शब्दावर जरा रेंगाळून. मग तिसऱ्यांदा, आता तो शब्द हसत टाकलेला. ऐकणारा दुसऱ्या मिसऱ्याची वाट पाहत असतो आणि त्या तो देत नाहीत. हे कोरिंथियनचं तंत्र. ओळ अर्धी टाकून शेवटच्या बाकाला थांबवून धरायचं. अखेर दुसरा मिसरा येतो तो अनेकदा अगदी साधा, बोलता बोलता सुटल्यासारखा, आणि ‘रोटी’तल्या संवादासारखा शेवटाकडे खाली उतरणारा. आणि तो प्रसिद्ध चिरकणारा सूर! शास्त्रीय गायकाचा आवाज असा फाटला तर तो दोष. त्यांचाही सुरुवातीला दोषच असेल. पण तो कुठे फाटतो ते मोजून पाहा. जिथे बोलणाऱ्या माणसाचा आवाज भरून आला असता तिथेच तो फाटतो, आणि पुढच्याच जागी पुन्हा सावरलेला असतो. रडण्याचं काम करणारी चांगली नटी खरी रडत नाही. ती प्रेक्षकाला रडवते आणि पुढचं वाक्य वेळेवर उचलते.

मराठी नाट्यसंगीताच्या श्रोत्याला हे समजावून सांगायची गरज पडू नये. पद गाताना भूमिका सोडायची नाही, हा आपल्या गायकनटांचा धडा. बालगंधर्व ताना घेतानाही रुक्मिणी राहत. फरक एवढाच, की बालगंधर्वांच्या अंगावर शालू होता आणि मागे रंगवलेला महाल होता. अख्तरीबाईंच्या मागे तंबोरा धरून बसलेली शिष्या होती, आणि भूमिका दर शेराला बदलत होती.

ज्याला माझं म्हणणं ओढूनताणून आणलेलं वाटेल त्याने ‘जलसाघर’ पाहावा. सत्यजित रायांचा 1958चा चित्रपट, ताराशंकर बंद्योपाध्यायांच्या कथेवर, संगीत विलायत खाँचं. बुडत्या जमीनदाराच्या भूमिकेत छबी विश्वास. मुलाच्या मुंजीनिमित्त हवेलीत बैठक भरते आणि तिथे गायला बसतात बेगम अख्तर, चित्रपटातल्या दुर्गाबाई. ‘रोटी’नंतर सोळा वर्षांनी, वयाच्या चव्वेचाळिशीत त्या पुन्हा कॅमेऱ्यासमोर आल्या, आणि काम मिळालं ते कुणा श्रीमंताच्या दिवाणखान्यात गाणाऱ्या बाईचं. बॅरिस्टर अब्बासींच्या घरात जिचं नाव उच्चारायचं नव्हतं तीच भूमिका, आता जगभर गाजलेल्या दिग्दर्शकाच्या चित्रपटात, प्रतिष्ठेने. राय त्यांच्याकडून ‘अभिनय’ म्हणावा असं काही करवून घेत नाहीत, आणि त्याची गरजही नाही. कॅमेरा ऐकणाऱ्यांकडे जातो, परत येतो, आणि दर वेळी त्या त्याच ठिकाणी पण वेगळ्या ओळीत असतात. मधूनच कुणाकडे तरी पाहून त्या अर्धवट हसतात. ते हसू दुर्गाबाईचं की अख्तरीबाईंचं, हे मला पुन्हा पुन्हा पाहूनही सांगता आलेलं नाही. चांगल्या नटाच्या बाबतीत ते सांगता येऊही नये. या एका प्रसंगासाठी तरी लेखिकेने आपली 1945ची सीमा ओलांडायला हवी होती. पुढच्या आवृत्तीत ओलांडावी, असा माझा आग्रह आहे आणि तो मी तिला तोंडीही सांगितला आहे. ती हसली, हो म्हणाली नाही.

मराठी वाचकासाठी एक शेवटचा धागा. हजरतगंजातून पायी जाता येईल अशा अंतरावर, कैसरबागेत, वाळकेश्वरच्या विष्णू नारायण भातखंड्यांनी 1926मध्ये मॅरिस कॉलेज काढलं. पुढे त्याला त्यांचंच नाव मिळालं. श्रीकृष्ण नारायण रातंजनकर तिथे प्राचार्य होते. संगीत कोठ्यातून आणि खाँसाहेबांच्या मर्जीतून सोडवून सभ्य घरांतल्या मुलामुलींना वर्गात शिकवावं, ही त्यामागची तळमळ. तळमळ प्रामाणिक होती आणि तिची किंमत गाणाऱ्या बायकांच्या एका अख्ख्या पिढीने मोजली, हेही तितकंच खरं. याच संस्थेत पुढे बेगम अख्तर शिकवायला गेल्या. तिथेच, आयुष्याच्या उतरत्या काळात, उस्ताद अहमदजान थिरकवाही शिकवत होते, ज्यांचा तबला गंधर्व नाटक मंडळीत बालगंधर्वांच्या मागे वाजला होता. मुंबई-पुण्याच्या रंगमंचावरचा तबलजी आणि कोलकात्याच्या रंगमंचावरची नटी, दोघं एका मराठी पंडिताने काढलेल्या विद्यालयात अध्यापक! अभ्यासक्रमात नाटकाचा तास नव्हता. पण त्या इमारतीत रंगभूमीचा केवढा अनुभव जमला होता, याची नोंद संगीताच्या इतिहासात कुठे सापडत नाही; नाटकाच्या इतिहासात तर नाहीच.

संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार त्यांना 1972मध्ये मिळाला, अर्थात गाण्यासाठी. 30 ऑक्टोबर 1974ला अहमदाबादमध्ये त्यांचं निधन झालं. चारच दिवसांपूर्वी त्या तिथे गायल्या होत्या. लखनौला ठाकूरगंजच्या पसंदबागेत आईशेजारी त्यांची कबर आहे. गायिकेच्या सहवासातली वर्षं ज्यांना हवी आहेत त्यांनी शांती हीरानंद यांचं आठवणींचं इंग्रजी पुस्तक वाचावं. शिष्येने लिहिलेलं, भाबडं नाही आणि कोरडंही नाही. या पुस्तकाच्या वाचकाला मात्र मी सुचवेन की कोरिंथियनवरचं प्रकरण आधी वाचा, मग जमेल तिथून ‘रोटी’ मिळवा आणि डार्लिंगचे संवाद डोळे मिटून ऐका. फैजाबादचं बालपण त्यानंतर वाचलंत तरी चालेल.

हजरतगंज, लखनौ